‘लेफ्टनंट गुस्टल’ : तंत्राचा गौरव आणि मानसंहितेचा विसर

१

आर्थर श्निट्झ्लर याची ‘लेफ्टनंट गुस्टल’ ही दीर्घकथा २५ डिसेंबर १९०० रोजी व्हिएन्नाच्या ‘नॉये फ्राये प्रेसे’ या दैनिकाच्या नाताळ-अंकात प्रसिद्ध झाली. वाङ्मयेतिहासाने या कथेची सोय केव्हाच लावून टाकली आहे. जर्मन भाषेतील आद्य आणि सलग आंतरिक स्वगत, एदुआर दुझारदँ याच्या फ्रेंच प्रयोगाचे जर्मन अपत्य, जॉइस आणि वुल्फ यांच्या आधीची एक पायरी, अशी तिची ओळख रूढ झाली आहे. ही ओळख खोटी नाही. दुझारदँचे ऋण खुद्द श्निट्झ्लरनेच मान्य केले होते. परंतु वाङ्मयीन समीक्षेत खऱ्या विधानांचा उपयोगही पुष्कळदा काही झाकण्यासाठी होतो, आणि या कथेच्या बाबतीत तो तसा झालेला आहे. कथेचे तंत्र सांगून झाले की कथा सांगून झाली, अशी समजूत रूपवादी समीक्षेने रुजवली. मराठीत संज्ञाप्रवाहाची चर्चा मर्ढेकरांच्या ‘रात्रीचा दिवस’ (१९४२) या कादंबरीच्या निमित्ताने होऊ लागली, तेव्हापासून या तंत्राकडे मनाच्या खोल थरांत उतरण्याचे साधन म्हणूनच पाहिले गेले. ज्या मनात उतरायचे ते मन कोणी घडवले, त्यात कोणाचे कायदे चालतात, हा प्रश्न अशा चर्चेत फारसा उपस्थित होत नाही.

दुसरीकडे, जे समीक्षक या कथेच्या सामाजिक आशयाकडे वळतात, ते ‘दांभिकतेवरील उपरोध’ या एका शब्दप्रयोगावर समाधान मानतात. लष्करी अधिकारी मानाच्या गोष्टी करतात आणि वागतात मात्र क्षुद्रपणे. लेखकाने हा दंभ उघडा पाडला आहे. हसावे आणि पुढे जावे. वरवर पाहता ही भूमिका रूपवाद्यांच्या विरुद्ध टोकाची दिसते. वस्तुतः दोघांनीही एकच गोष्ट टाळलेली आहे. पहिला पक्ष संस्थेला विसरून मनाकडे पाहतो. दुसरा पक्ष संस्थेचा दोष व्यक्तीच्या स्वभावावर ढकलून मोकळा होतो. गुस्टल दांभिक नाही, ही या कथेतील सर्वांत अस्वस्थ करणारी बाब आहे. तो आपल्या मानसंहितेवर मनापासून विश्वास ठेवतो, आणि तिच्यासाठी पहाटे सात वाजता स्वतःवर गोळी झाडून घेण्याचे ठरवतो. दंभ त्याच्या अंतःकरणात नसून ज्या व्यवस्थेने ते अंतःकरण तयार केले तिच्या नियमावलीत आहे. हा फरक ध्यानात घेतला नाही तर कथा एका मूर्ख तरुणाचे प्रहसन होऊन बसते, आणि तिच्यावर संतापलेल्या सैन्याला ती त्याहून अधिक समजली होती असे म्हणण्याची पाळी येते.

२

कथेचा प्रसंग साधा आहे. एका धार्मिक संगीतरचनेच्या कार्यक्रमाला कंटाळलेला गुस्टल बाहेर पडताना कोट घेण्यासाठी जमलेल्या गर्दीत रेटारेटी करतो आणि कॉफीगृहातील ओळखीच्या एका बेकरीमालकावर खेकसतो. हा हाबेत्स्वालनर अंगाने धिप्पाड आहे. तो गुस्टलच्या तलवारीची मूठ पक्की धरून ठेवतो, हलक्या आवाजात त्याला मूर्ख पोरगा म्हणतो, आणि गडबड केल्यास तलवार मोडून तुकडे रेजिमेंटला पाठवण्याची धमकी देतो. मग तो सौजन्याने निरोप घेतो. गुस्टलची कारकीर्द बिघडवण्याची त्याला इच्छा नाही. कोणी काही ऐकलेले नाही आणि तो कोणाला सांगणारही नाही.

आता संहितेचे गणित पाहावे. समान दर्जाच्या माणसाने अपमान केला असता तर गुस्टलने त्याला द्वंद्वाचे आव्हान दिले असते. परंतु बेकरीमालक द्वंद्वपात्र नाही. त्याला मान नाही, म्हणून त्याच्याकडून मानाची भरपाई मागता येत नाही. अशा माणसावर तेथल्या तेथे तलवार चालवणे हा दुसरा मार्ग. मानरक्षण हीच आत्मरक्षा असे त्याचे समर्थन अधिकारीवर्गात केले जाई. पण मूठ बेकरीमालकाच्या हातात असल्याने तोही मार्ग बंद झाला. मग उरते ती राजीनामा देऊन नाहीसे होण्याची किंवा मरण्याची वाट. म्हणजे ज्याला समाजाने मानाच्या वर्तुळाबाहेर ठेवले आहे, त्याचा शब्द अगदी क्षुल्लक असायला हवा होता. पण तोच शब्द प्राणघातक ठरतो, कारण त्याला उत्तर देण्याची सोय वर्तुळाने आपल्याच हातांनी नष्ट केलेली आहे. खालच्याला मान नाकारणारी व्यवस्था वरच्याला त्याच्यासमोर निःशस्त्र करते. कडेकोट दर्जाव्यवस्थेच्या अंतर्विरोधाचे इतके नेमके विधान तत्कालीन समाजशास्त्रातही सहज सापडणार नाही.

आणि ही द्वंद्वपात्रता येते कशातून? जुन्या सरदारी रक्तातून येते असा एक रोमँटिक समज आहे. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या बाबतीत तो टिकत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तेथील अधिकाऱ्यांत सामान्य घरांतून आलेल्यांची, अधिकाऱ्यांच्या आणि सरकारी नोकरांच्या मुलांची संख्या मोठी होती. १८६८च्या सक्तीच्या लष्करसेवेच्या कायद्याने माध्यमिक शिक्षण पूर्ण करणाऱ्या तरुणांना एका वर्षाच्या स्वेच्छासेवेची सवलत दिली. त्यातून ते राखीव अधिकारी होऊ शकत. पर्यायाने शालान्त प्रमाणपत्र हेच मानाच्या वर्तुळाचे प्रवेशपत्र बनले. श्निट्झ्लर स्वतः १८८२-८३ मध्ये व्हिएन्नाच्या लष्करी रुग्णालयात अशी सेवा करून पुढे राखीव दलाचा वैद्यकीय अधिकारी झाला होता. या पार्श्वभूमीवर कथेतील तीन पुरुष शेजारी शेजारी ठेवून पाहावेत. गुस्टलला शाळेतून काढून टाकल्यामुळे तो कॅडेट शाळेत गेला. त्याचा मान गणवेशाचा आहे. ज्या डॉक्टरेटधारी वकिलाशी त्याचे दुसऱ्या दिवशी द्वंद्व ठरले आहे, त्याचा मान प्रमाणपत्राचा आहे. सैन्यात येणारे सगळेच केवळ देशरक्षणासाठी येत नाहीत, हे त्याचे वाक्य गुस्टलला झोंबले, कारण ते गुस्टलच्याच चरित्राला लागू पडणारे होते. तिसरा बेकरीमालक आपल्या श्रमाने उभा आहे, कॉफीगृहात त्याच टेबलांवर बसतो. त्याच्याकडे गणवेश नाही आणि प्रमाणपत्रही नाही, म्हणून मानही नाही. येथे वंश, संपत्ती, गुण यांपैकी कोणतीच कसोटी सुसंगतपणे लावलेली नाही. सुसंगत आहे ती फक्त भिंत.

या भिंतीच्या आतल्या बाजूला एक प्रकारची समता होती, हेही नमूद करायला हवे. अधिकारी एकमेकांना एकेरी संबोधत. तत्त्वतः दरिद्री लेफ्टनंटही उमरावाकडे समाधान मागू शकत होता. म्हणूनच गरीब अधिकाऱ्याला मान इतका प्रिय होता. राज्य त्याला पगार पुरेसा देत नव्हते. त्याऐवजी मान देत होते. विवाह करायचा तर अधिकाऱ्याला मोठी अनामत रक्कम ठेवावी लागे, कारण पत्नीला ‘दर्जाला साजेसे’ जगवता येईल याची हमी सैन्याला हवी होती. ती रक्कम नसणाऱ्यांनी अविवाहित राहावे आणि उपनगरांतील शिवणकाम करणाऱ्या, दुकानांत राबणाऱ्या मुलींशी तात्पुरते संबंध ठेवावेत, ही लिखित नियमाची अलिखित पुरवणी होती. गुस्टलच्या मनात घोटाळणारी स्टेफी दुसऱ्याच कोणाच्या पैशावर जगते, आणि त्यात गुस्टलला मानहानीकारक असे काही वाटत नाही. त्याला नीतिभ्रष्ट म्हणून समीक्षक मोकळे होतात. पण अनामतीचा नियम आणि स्टेफी ही एकाच हिशेबाची जमा आणि खर्च आहेत.

३

मान ही आंतरिक गोष्ट आहे, इतरांना कळो न कळो, असे गुस्टल रात्रभर स्वतःला बजावतो. कोणी ऐकले नसले तरी आपल्याला ठाऊक आहे, एवढे पुरे. मान म्हणजे अंतःकरणाची शुद्धता, हा या संहितेचा उदात्त दावा. श्निट्झ्लर या दाव्याला प्रयोगशाळेत घालतो. प्रातरच्या बाकावर झोप काढून पहाटे शेवटची कॉफी घ्यायला आलेल्या गुस्टलला वेटर सांगतो की बेकरीमालक मध्यरात्री झटका येऊन मेला. अपमान जसाच्या तसा आहे. गुस्टलची स्मृतीही जशीच्या तशी आहे. नाहीसा झाला तो फक्त साक्षीदार. आणि गुस्टल आनंदाने भरून जातो, नाश्ता मागवतो, दुपारी वकिलाला कसे कापून काढायचे याची स्वप्ने रंगवू लागतो. ज्याला तो आंतरिक मान म्हणत होता तो एका माणसाच्या जिवंत असण्या-नसण्यावर अवलंबून होता, हे सिद्ध करायला निवेदकाच्या एकाही भाष्याची गरज पडत नाही.

येथेच तंत्राचा प्रश्न नव्याने मांडावा लागतो. आंतरिक स्वगत हे तंत्र श्निट्झ्लरने नावीन्याच्या हौसेने वापरलेले नाही. ज्या अपराधाला साक्षीदार नाही, फिर्यादी नाही, आणि तरीही शिक्षा आहे, त्याची सुनावणी होणार कोठे? फक्त आरोपीच्या डोक्यात. अधिकाऱ्यांचे मान-न्यायालय गुस्टलच्या मेंदूत भरलेले आहे. तोच आरोपी, तोच न्यायाधीश, तोच फाशी देणारा. त्याचे विचार विस्कळीत दिसतात, बहिणीपासून कर्जापर्यंत, ज्यूद्वेषापासून बायकांपर्यंत भरकटतात. पण प्रत्येक वळणावर रेजिमेंटच्या भाषेतील एखादे तयार वाक्य येऊन त्यांना पुन्हा रांगेत उभे करते. संज्ञाप्रवाह म्हणजे मनाचा मुक्त ओघ, ही कल्पना या कथेपुरती तरी साफ चुकीची आहे. हा ओघ कवायतीत चालणारा आहे. तेव्हा तंत्राचा गौरव करून मानसंहितेला ‘विषय’ म्हणून बाजूला ठेवणे म्हणजे तंत्रच न समजणे होय. रूप आणि आशय यांची फारकत करणारी समीक्षा येथे रूपाच्याच पातळीवर पराभूत होते.

याच लेखकाने ‘फ्रॉयलाइन एल्झ’ (१९२४) मध्ये हेच तंत्र पुन्हा वापरले, हाही योगायोग नव्हे. वडिलांच्या कर्जासाठी एका श्रीमंत माणसासमोर विवस्त्र होण्याची अट एल्झपुढे येते. कुटुंबाची प्रतिष्ठा वाचवण्यासाठी कुटुंबच तिला बाजारात उभे करते. गुस्टल मानाचा धारक आहे. एल्झ ही इतरांचा मान जिथे ठेवलेला असतो ती जागा आहे. मराठीत ‘मान’ आणि ‘अब्रू’ हे दोन शब्द आहेत आणि त्यांची लिंगव्यवस्था मराठी वाचकाला समजावून सांगण्याची गरज नाही. पुरुषाचा मान तलवारीवर, घराची अब्रू स्त्रीच्या देहावर. अशा देहाला स्वतःचे बोलणे इतर कोठे करता येत नाही, म्हणून तेही डोक्यातच चालते.

४

मानसंहितेचा दंभ नियमावलीत आहे असे वर म्हटले. त्याचा पुरावा साहित्याबाहेरही मुबलक आहे. ऑस्ट्रियात आणि जर्मनीत द्वंद्व हा गुन्हा होता. १८७१च्या जर्मन दंडसंहितेत त्यासाठी किल्ल्यातील नजरकैद सांगितली होती. पण ही शिक्षाच सन्मान्य मानली जाई, तिने माणसाचा दर्जा जात नसे. उलट द्वंद्व नाकारणाऱ्या अधिकाऱ्याचे पद जाई. १९०० मध्ये ऑस्ट्रियात ताकोली या लेफ्टनंटने धार्मिक श्रद्धेमुळे द्वंद्वास नकार दिला आणि कॅप्टन लेडोखोव्स्की याने त्याची बाजू घेतली. दोघांनीही आपला हुद्दा गमावला. कायदा जे करू नको म्हणतो तेच न केल्याबद्दल हुद्दा काढून घेणारे हे राज्य एकच होते, आणि त्याच्या शिखरावर बसलेला सम्राटही एकच. सम्राट कार्लने १९१७ मध्ये सैन्यात द्वंद्वावर बंदी घातली, तोवर हे दुहेरी शासन निर्वेधपणे चालले. याला एखाद्याचा स्वभावदोष म्हणता येत नाही. हा राज्यकारभार आहे.

श्निट्झ्लरची स्वतःची हकिगत तर कथेचाच उत्तरार्ध शोभावी. कथा प्रसिद्ध होताच ‘राइख्सवेअर’ या लष्करधार्जिण्या पत्राने त्याच्यावर हल्ला चढवला. १९०१ मध्ये मान-न्यायालयाने त्याचा अधिकारी हुद्दा काढून घेतला. कारणे दोन : त्याने सैन्याच्या मानाला धक्का लावला, आणि त्या पत्रातील वैयक्तिक हल्ल्याबद्दल त्याने समाधान मागितले नाही. दुसरे कारण अधिक बोलके आहे. द्वंद्वाच्या निरर्थकतेवर कथा लिहिणाऱ्याने त्या कथेसाठी द्वंद्व करायला हवे होते! न्यायालयाने कथा वाचली, ती नेमकी समजून घेतली, आणि तिच्यातील तर्क लेखकावर चालवून दाखवला. ज्यांना ही कथा केवळ तंत्रप्रयोग वाटते त्यांनी या निकालाचा अर्थ लावून दाखवावा. स्वगताच्या तंत्राबद्दल कोणाचाही हुद्दा जात नसतो.

उपरोधवाद्यांनाही येथे एक प्रश्न विचारता येईल. ‘नॉये फ्राये प्रेसे’चा वाचक कोण होता? उदारमतवादी, सुशिक्षित, बराचसा ज्यू असा मध्यमवर्ग. म्हणजे कथेतील वकिलाचा वर्ग. त्याला अर्धशिक्षित लेफ्टनंटवर हसणे सोपे होते. पण त्याचीच मुले राखीव अधिकाऱ्याचा हुद्दा अभिमानाने मिरवत होती, आणि कथेतील वकीलही आव्हान नाकारीत नाही. तो गुस्टलपेक्षा शहाणा आहे, आणि तरीही दुपारी चार वाजता मैदानावर येणार आहे. समाजवादी पुढारी फेर्दिनांद लासाल १८६४ मध्ये जिनीव्हाजवळ द्वंद्वातच जखमी होऊन मेला, हे आठवले म्हणजे संहितेचा पल्ला लक्षात येतो. ती तिच्या विरोधकांनाही आपल्या मैदानावर बोलावून घेऊ शकत होती. ‘मूर्ख लेफ्टनंट’ हा अन्वयार्थ वाचकाला या मैदानातून बाहेर काढतो, त्याला निर्दोष करतो. श्निट्झ्लरची कथा ते करीत नाही.

५

फोन्टाने याच्या कादंबऱ्यांबाबत हीच चूक अधिक सभ्य रूपात होते. ‘शाख फॉन वुटेनो’ (१८८२) आणि ‘एफी ब्रीस्ट’ (१८९५) यांचा लेखक म्हणजे सौम्य, समंजस, सर्वांना समजून घेणारा वृद्ध, अशी त्याची प्रतिमा आहे. आणि समंजसपणाचा गौरव करता करता या कादंबऱ्यांतील दोषारोप बोथट केला जातो. देवीच्या व्रणांनी चेहरा विद्रूप झालेल्या व्हिक्त्वारला फसवणारा घोडदळाचा देखणा अधिकारी शाख, सोबत्यांनी काढलेल्या व्यंगचित्रांना घाबरून विवाह टाळतो. राजाराणीच्या आज्ञेपुढे मान तुकवून तो विवाह करतो आणि त्याच दिवशी बग्गीत स्वतःला गोळी घालतो. मृत्यूला न भिणारा हा वीर हसण्याला भितो. कथेचा काळ १८०६चा, येना येथील पराभवाच्या उंबरठ्यावरचा आहे. हे मान नव्हे तर मानाचे सोंग आहे आणि अशा सोंगावर उभे असलेले राज्य कोसळणारच, हा निष्कर्ष कादंबरीतील ब्यूलो उघडपणे मांडतो. लुकाचने या कृतीचे ऐतिहासिक मोल ओळखले ते याच कारणाने.

‘एफी ब्रीस्ट’मध्ये तर संहितेचा उपासकच तिच्यावरचा अविश्वास बोलून दाखवतो. सहा वर्षांहून जुनी प्रेमपत्रे सापडल्यावर इन्श्टेटेनच्या मनात ना द्वेष आहे ना सूडाची इच्छा; पत्नीवर त्याचे अजून प्रेम आहे. तरीही तो क्राम्पासला ठार मारतो. का? कारण त्याने मित्राला सांगून टाकले आहे. आता एक साक्षीदार आहे. मित्रही मान्य करतो की ही मूर्तिपूजा आहे, आणि मूर्ती उभी आहे तोवर नमस्कार करावा लागेल. या संवादाची शोकात्म उंची वाखाणणारे विसरतात की शोकांतिका येथे भलत्याच ठिकाणी आहे. दोन सुज्ञ पुरुष पूर्ण जाणिवेने एका खुनाला संमती देतात आणि त्याची किंमत एफी, तिची मुलगी आणि क्राम्पासचे कुटुंब मोजते. गुस्टल अज्ञानी असून संहिता पाळतो, इन्श्टेटेन ज्ञानी असून पाळतो, फलित एकच. ज्ञानाने, संस्काराने, उदार शिक्षणाने अशा संस्था आपोआप विरघळतात, या उदारमतवादी श्रद्धेला या दोन कृतींनी एकत्रितपणे दिलेला नकार हा त्यांच्या तुलनेतून हाती येणारा खरा निष्कर्ष आहे.

संहितेच्या बाजूने एक गंभीर युक्तिवाद होऊ शकतो, आणि तो टाळणे योग्य नाही. मानाच्या कल्पनेने माणसाला स्वतःहून मोठ्या अशा कशाशी तरी बांधले. ती गेली तेव्हा उरला तो नफातोट्याचा हिशेब. योसेफ रोट याच्या ‘राडेत्स्की मार्च’ (१९३२) या कादंबरीतील हुरहूर याच जाणिवेतून आली आहे, असे म्हटले जाते. परंतु त्या कादंबरीचा आरंभ पाहावा. सोल्फेरीनोच्या लढाईत (१८५९) सम्राटाला वाचवणारा ट्रोट्टा शालेय पुस्तकातील आपल्या पराक्रमाची खोटी, फुगवलेली कहाणी वाचून दुरुस्ती मागतो. त्याला समजावले जाते की मुलांसाठी असेच लिहायचे असते. खरेपणाचा आग्रह धरणारा हा एकमेव सैनिक सैन्य सोडून जातो. नातवाच्या पिढीत रेजिमेंटचा ज्यू डॉक्टर डेमांट एका मद्यधुंद अधिकाऱ्याच्या शिवीपायी द्वंद्वात मरतो. त्याला त्यातले काहीच पटत नसते. सचोटी आणि मान या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि पहिलीला दुसरीच्या राज्यात जागा नाही, हेच रोटही सांगतो. हुरहूर आहे ती हरवलेल्या घराची. त्या घराच्या नियमांचे समर्थन तिच्यातून काढणे ही वाचनातील लबाडी आहे.

इतिहासानेही याची ग्वाही दिली. १९१३च्या मे महिन्यात कर्नल आल्फ्रेड रेड्ल हा रशियाचा हेर असल्याचे उघड झाले, तेव्हा वरिष्ठांनी त्याला व्हिएन्नाच्या हॉटेलात पिस्तूल दिले आणि मानाने मरण्याची संधी दिली. त्याने काय काय विकले याचा कसून जबाब घेण्यापेक्षा सैन्याची लाज झाकणे महत्त्वाचे ठरले. एगोन एर्विन किश या पत्रकाराने प्राग येथील ‘बोहेमिया’ पत्रात खुलाशाच्या आडून बातमी फोडली म्हणून प्रकरण बाहेर आले. देशाच्या सुरक्षिततेहून मानाची बूज मोठी मानणाऱ्या या सैन्याने पुढच्याच वर्षी महायुद्धात पाऊल टाकले.

६

मराठी वाचकाने या साहित्याकडे कसे पाहावे, हा प्रश्न अखेरीस येतोच. ‘तेथील वर्ग म्हणजे येथील जात’ असे समीकरण मांडून काही हाती लागत नाही. माक्स वेबरने आर्थिक वर्ग आणि मानाधिष्ठित दर्जागट यांत भेद केला, आणि जात हे दर्जागटाचे टोकाचे, धर्माने बंदिस्त केलेले रूप मानले. बेकरीमालकाला द्वंद्वपात्रता नव्हती. पण पाणवठा होता, शाळा होती, कॉफीगृहातील टेबल होते. हा फरक लहान नाही. तरीही एक दुवा खरा आहे, आणि तो एकाच दशकातला आहे.

ज्यू विद्यार्थ्यांनी तलवारबाजीत प्रावीण्य मिळवले, ते द्वंद्वे जिंकू लागले. तेव्हा १८९६ मध्ये जर्मन राष्ट्रवादी विद्यार्थीसंघटनांनी वाइडहोफेन येथे ठराव केला की ज्यू माणसाला जन्मतःच मान नसतो, म्हणून त्याच्याशी द्वंद्व नाही. शौर्याची कसोटी उतीर्ण होताच कसोटीच बदलली आणि खालचा पाया, म्हणजे जन्म, उघडा पडला. याच दशकात इंग्रजी राज्याने ‘लढाऊ जमाती’च्या सिद्धांताच्या आधारे महारांची सैन्यभरती बंद केली. कोरेगावच्या स्तंभावर १८१८च्या लढाईतील ज्यांची नावे कोरलेली होती, त्यांच्याच वंशजांना सैनिक होण्यास अपात्र ठरवले गेले. गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये, आणि शिवराम जानबा कांबळे यांनी १९१० मध्ये केलेले अर्ज लष्करी मानाच्याच भाषेत लिहिलेले आहेत. त्या भाषेला उसनी जाणीव म्हणून हिणवणे अन्यायाचे ठरेल. सैन्यातील नोकरीबरोबर भाकरी, वस्ती आणि मुलांची शाळा जात होती; सुभेदार रामजी सकपाळ लष्करी शाळेतच शिकवत होते, हे विसरता येणार नाही. राज्य ज्या नाण्यात मोल करते त्या नाण्यातच बहिष्कृताला हिशेब मागावा लागतो. गुस्टलसाठी मान हा हक्कांवरचा अलंकार होता, अर्जदारांसाठी तो हक्कांपर्यंत जाण्याचा एकमेव दरवाजा. महार रेजिमेंट उभी राहायला १९४१ साल उजाडावे लागले, आणि तेही महायुद्धाच्या गरजेने; यावरून हा दरवाजा कोणाच्या सोयीने उघडतो तेही कळते.

श्निट्झ्लर आणि फोन्टाने यांचे वाचन या प्रश्नांपर्यंत पोहोचत नसेल, तर संज्ञाप्रवाह, उपरोध, शोकात्म भाव या संज्ञा कितीही काटेकोरपणे वापरल्या तरी त्या समीक्षेचा गणवेशच ठरतात. मान कोणाला द्यायचा, कोणाला नाकारायचा, आणि नाकारल्याचे मोल कोणाकडून वसूल करायचे, हे ठरवणारी यंत्रणा कलाकृतीच्या रूपबंधात शिरलेली असते, आणि ती तेथून शोधून काढणे हे समीक्षेचे काम आहे. ‘लेफ्टनंट गुस्टल’ वाचताना बेकरीमालकाच्या मृत्यूनंतर वाचकालाही क्षणभर हायसे वाटते, कारण रात्रभर तो गुस्टलच्या डोक्यात राहिलेला असतो. त्या क्षणी एक कष्टकरी माणूस मेला आहे, हे वाचकाला सुचत नाही. तंत्राच्या चर्चेने या विस्मरणाला कलानंद असे नाव देऊ नये.